गयाआत्याच्या नावापुढचा शब्द

आमच्या घरात भाकरी कधी मोजून झाली नाही, असं मी पुढच्या आयुष्यात पुष्कळांना सांगितलं आहे. ते खोटं आहे. त्या दुष्काळात माय मोजूनच थापायची. बांना दोन, कारण ते माळावरच्या दुष्काळी कामावर खडी फोडायला जात. स्वतःला दीड, कारण ती फक्त पाट्या उचलायची. 'फक्त' हा तिचाच शब्द. आणि मी नांदेडहून घरी आले की मलाही दोन, कारण मी शिकत होते. शिकणाऱ्याला भूक जास्त लागते असा तिचा समज होता आणि मी तो कधी खोडून काढला नाही. भाकरीबरोबर येसराची पातळ आमटी, कधी हुलग्याचं माडगं. ठेचा मात्र हवा तेवढा, कारण तिखट खाल्लं की माणूस पाण्यावर पोट भरतो. पाणीही टँकर येईल तेव्हाच होतं, ही गोष्ट निराळी. सकाळी जाग यायची ती माळावरच्या घणांच्या आवाजानं. संध्याकाळी बस्तीत बुद्धवंदना व्हायची, तीही त्या वर्षी लवकर उरकायची. मोठ्यानं म्हणायलासुद्धा अंगात काहीतरी लागतं.

आमचं गाव देवणीच्या अलीकडचं. जिल्हा नुकताच बदलला होता. इतकी वर्षं उस्मानाबादकडे तोंड करून बसलेली माणसं आता लातूरकडे वळून बसली, एवढाच आम्हाला कळलेला फरक. कचेऱ्यांवर नव्या पाट्या रंगल्या, नवे शिक्के आले, साहेबांना नव्या जीपगाड्या आल्या. ''जिल्हा जवळ आला, पाणी लांब गेलं,'' असं बा म्हणायचे. ते चौथी शिकलेले होते, मराठी अर्ज स्वतःच्या हातानं लिहीत, आणि बस्तीतल्या कुणाचंही कागदाचं काम पडलं की आमच्याच दारात येई.

गयाआत्या बांची थोरली बहीण. नवरा गेल्यावर माहेरी परत आली, पण आमच्या घरात राहिली नाही. बस्तीच्या टोकाला तिनं आपली वेगळी खोपी घातली आणि वेगळी चूल मांडली. भावाच्या चुलीवरचं खाल्लं की बहिणीचा मान जातो, हे तिनं डोक्यात पक्कं धरलेलं. आमच्याकडे ती चहाशिवाय काही घेत नसे, आणि तोही उभ्यानं. मला मात्र तिनंच वाढवलं म्हणायला हरकत नाही. माय रानात गेली की मी आत्याकडे. तव्यावरच्या भाकरीचा पापुद्रा वर उचलून आत तेल-मीठ घालून ती माझ्या हातावर ठेवायची आणि फुंकर मारत बसायची. माझं नावही तिनंच ठेवलेलं, सुजाता. उपासानं हाडांचा सापळा झालेल्या सिद्धार्थाला जिनं खीर दिली, तिचं. ''ही पोरगी कुणाला उपाशी राहू देणार न्हाई,'' असं तिनं बारशाला सांगितलं होतं म्हणे. माणसानं लेकरांची नावं ठेवताना जरा बेतानं घ्यावं.

नांदेडला मी इंग्रजी घेऊन बी.ए. करत होते. मुलींच्या वसतिगृहात रविवारी एकच वेळ जेवण असे. दुसऱ्या वेळी आम्ही चौघीजणी डोक्यावरून ओढणी घेऊन गुरुद्वाऱ्यात लंगरला जायचो. तिथं पंगतीत बसलं की कुणी जात विचारत नसे, गाव विचारत नसे, दाखला मागत नसे. नुसती रोटी-डाळ वाढत. त्या वेळी मला यात काही विशेष वाटलं नव्हतं. पुढे सरकारी नोकरीत मुरल्यावर वाटलं.

आमचे इंग्रजीचे सर हैदराबादकडचे, वयस्क, एकटे राहणारे. तास सुरू होण्याआधी फळ्याच्या कोपऱ्यात ते रोज एक अवघड शब्द लिहीत. वाचनालयातली जाड डिक्शनरी उघडून दुसऱ्या दिवशी कुणीतरी अर्थ सांगायचा. पण नुसत्या अर्थावर ते खूश होत नसत. ''अर्थ पुस्तकात असतो, वापर सांगा,'' म्हणायचे. एक दिवस त्यांनी 'इनॅनिशन' लिहिला. दुसऱ्या दिवशी जहागीरदारांची, वकिलांची पोरं गप्प बसली. मी आदल्या संध्याकाळी वाचनालय बंद होईपर्यंत त्या शब्दापाशी बसले होते. पहिला अर्थ, अन्नपाणी न मिळाल्यानं शरीराला येणारी क्षीणता. दुसरा अर्थ, रितेपणा. मुळात लॅटिन शब्द, रिकामं करणं या अर्थाचा. मी उभी राहिले आणि वापरही केला: म्हातारा बैल इनॅनिशननं मेला. माणसावर वाक्य करावं असं मला सुचलं नाही. सरांनी मान डोलावली आणि म्हणाले, हा शब्द तुला पुस्तकात भेटेल, बाजारात भेटणार नाही. मला तो शब्द फार आवडला. किती मऊ, किती स्वच्छ. आमच्याकडच्या 'उपासमार' या शब्दासारखा अंगावर येत नाही. मी तो वहीत लाल शाईनं लिहून ठेवला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

उन्हाळ्याच्या सुट्टीत घरी आले तेव्हा आत्याला कामावरून काढलं होतं. तसं हुकमानं कुणी काढलं नव्हतं. कामाची मोजणी टोळीवर व्हायची. दहाजणांनी मिळून किती ब्रास खडी फोडली, त्यावर सगळ्यांची हजेरी. मग म्हाताऱ्या माणसाला टोळीत कोण घेणार? त्याच्या वाटचे घाव दुसऱ्यानं घालायचे. मुकादमाला विचारलं तर तो म्हणायचा, मी कुठं नको म्हणतो, टोळीला विचारा. आणि टोळीत तर सगळे आमचेच. माझे बासुद्धा त्याच टोळीत होते. आत्याला घ्या असं ते एकदा म्हणाले आणि बाकीच्यांची तोंडं बघून पुन्हा म्हणाले नाहीत. बस्तीत असे टोळीबाहेर पडलेले सहाजण होते. आत्या त्यातली सगळ्यात तोंडाळ. गावाबाहेर जनावरांची छावणी उघडली होती, तिथं चारा-पाणी, डॉक्टरसुद्धा. ''देवणी बैलाच्या अंगावर काळे ठिपके असत्यात, माझ्या न्हाईत, म्हणून मला छावणी न्हाई,'' ती म्हणायची आणि स्वतःच हसायची.

रोज दुपारी ती आमच्या दारात यायची. दोन्ही हात मनगटापर्यंत पांढरे. माय म्हणायची, ''बसा वन्सं, घासभर खा.'' आत्या हात पुढे करून दाखवायची. ''आगं, पिठात हात हायेत माझे. भाकरी थापता थापता आले. सुजीला बघावं म्हणलं.'' मग उभ्यानं चहा प्यायची आणि जायची. तिचा दंड माझ्या मनगटाएवढा झालेला मी पाहत होते. एकदा तिनं माझ्या गालावरून हात फिरवला आणि गेल्यावर मी गाल पुसला. पीठ असं करकरत नाही. मी जिभेला लावून पाहिलं. राख होती. चुलीतली जुनी राख. हे मी मायला सांगितलं नाही, बांना सांगितलं नाही. आत्याचा मान जाईल असं मला वाटलं, असं मी स्वतःला समजावत आले आहे. पण खरं सांगायचं तर, सांगितलं असतं तर मायनं माझ्या दोनातली एक तिच्याकडे पाठवली असती, आणि हेही मला कळत होतं. आज डॉक्टर मला म्हणतात, साखर वाढली आहे, एका वेळी अर्धीच भाकरी खात जा. मी गुपचूप ऐकते.

त्यानंतर आठवडाभरानं आत्या दुपारी आली नाही. बा बघायला गेले. ती चुलीशी कुशीवर पडली होती. चुलीत आग नव्हती, डब्यात दाणा नव्हता, आणि हात पांढरे होते.

बा रडले नाहीत. मूठमाती देऊन आले आणि कागद घेऊन बसले. मराठीत अर्ज लिहिला. माझी थोरली बहीण गयाबाई ही उपासमारीनं मेली आहे, बस्तीत आणखी पाच म्हातारी माणसं त्याच वाटेवर आहेत, सरकारनं त्यांच्या अन्नाची सोय करावी. तालुक्याला त्यांना कुणीतरी सांगितलं होतं की ज्या गावात उपासमारीचा मृत्यू नोंदला जातो, तिथं टोळीबाहेरच्या माणसांसाठी फुकट जेवणाचं केंद्र उघडावंच लागतं. म्हणजे त्या पाचजणांचं जेवण त्या एका नोंदीवर अडलं होतं. बहीण तर गेली, निदान तिच्या मरणावर या पाचांना भाकरी मिळावी, एवढाच बांचा हट्ट. पाचातले लिंबाजीतात्या दर संध्याकाळी स्वतःची जर्मनची ताटली घेऊन आमच्या ओट्यावर येऊन बसू लागले. केंद्र उघडलं आणि आपण नेमके घरी राहिलो, असं नको म्हणून.

चौकशीला दुष्काळ कचेरीचे साहेब आले. बरोबर डॉक्टर. डॉक्टरांनी दारातूनच विचारपूस केली आणि 'अशक्तपणा' म्हणून कागदावर सही करून ते जीपमध्ये जाऊन बसले. साहेब मात्र बाजेवर बसले, पाणी मागितलं, आणि आमच्या घरचं पाणी प्यायले. माझ्याकडे बघून म्हणाले, ''बाई, तुम्ही इंग्रजी घेऊन बी.ए. करताय म्हणे. टायपिंगही झालंय?''

त्यांनी मला 'तुम्ही' म्हटलं. आमच्या बस्तीत येऊन कुठल्या साहेबानं आमच्यातल्या बाईला 'तुम्ही' म्हटलेलं मी तोवर ऐकलं नव्हतं. माझी घसरण तिथूनच सुरू झाली.

''हाव सर, चाळीसची परीक्षा पास आहे,'' मी म्हटलं.

''मग माझी अडचण तुम्हाला कळेल. बडे साहेब परमुलखातले आहेत, त्यांना मराठी वाचता येत नाही. रिपोर्ट इंग्रजीत पाठवावा लागतो. उपासमार लिहिली की उद्या चौकश्या, परवा पेपरवाले, आणि माझ्या मागे साडेसाती. नुसता अशक्तपणा लिहिला तर फार हलकं वाटतं, वरून प्रश्न येतात. असा एखादा भारदस्त शब्द हवा, की वाचणारा वाचून पुढं गेला पाहिजे.'' मग म्हणाले, ''कचेरीत टायपिस्टची हंगामी जागा आहे. जिल्हा नवा आहे, पुढं भरती निघणारच. आत असलेलं माणूस कायम होतं.''

तो शब्द मला आठवावा लागला नाही. तो ओठावरच होता. मी म्हटला. त्यांनी पुन्हा म्हणायला लावला, आणि विचारलं, ''अर्थ?''

''खंगून जाणं,'' मी म्हटलं. 'अन्नावाचून' एवढा भाग मी गाळला. मग त्यांच्याच पेनानं, त्यांच्याच कागदावर, माझ्या सुरेख अक्षरात मी रिपोर्ट लिहून दिला. गयाबाई, वय अंदाजे साठ, मृत्यूचं कारण इनॅनिशन. साहेब खूश झाले. बांना म्हणाले, ''मुलगी हुशार आहे तुमची. आता तुमचा तो मराठी अर्ज मागं घ्या. दोन कागद दोन बोलतात, मग काहीच होत नाही.''

बांनी माझ्याकडे पाहिलं. मी त्यांना मागच्या दाराशी नेलं.

''काय लिवलीस?'' त्यांनी विचारलं.

''खरं तेच लिहिलंय बा. या साहेबाला त्याचा मतलब माहीत न्हाई. पण बडे साहेब लई शिकलेले हायेत. ते डिक्शनरी उघडतील. तिथं सरळ लिहिलंय, अन्नावाचून मेली.''

''आन् न्हाई उघडली तर?''

''तर विचारतील की, हा कसला शब्द म्हणून. मी तिथंच राहीन ना, कचेरीत. मी सांगंन.''

बांचा चेहरा उजळला. आमच्या माणसांची ती एक श्रद्धा होती, शिकलेलं आपलं माणूस आत पाहिजे. सगळी बस्ती त्याच श्रद्धेवर पोरांना नांदेडला, औरंगाबादला धाडत होती. ''मग ठीक हाय,'' बा म्हणाले, ''आपलं माणूस आत असलं म्हणजे झालं.'' त्यांनी आपला अर्ज घडी करून खिशात घातला आणि ओट्यावर जाऊन लिंबाजीतात्यांना सांगितलं की आता काम झालंच समजा.

ही हकिकत मी आजवर ज्यांना सांगितली, त्यांना एवढीच सांगितली. भाबडी पोरगी, सत्य अवघड शब्दात लपवून वर पाठवू पाहत होती. ऐकणाऱ्याला भरून येतं. पण ते अर्धंच खरं आहे. उरलेलं अर्धं म्हणजे टाइपरायटरसमोरची ती खुर्ची. मला ती हवी होती. दोन्ही गोष्टी माझ्या मनात एकाच वेळी होत्या आणि कुठली पुढची कुठली मागची, हे मला त्या दिवशीही नीट ठरवायचं नव्हतं.

मी कॉलेज सोडलं आणि कचेरीत लागले. रिपोर्ट लातूरला जाऊन परत आला. त्यावर कुठलाही प्रश्न नव्हता, नुसती पाहिल्याची सही. केंद्र उघडलं नाही. बा रोज विचारायचे, ''उघडली का गं त्यानं डिक्शनरी?'' मी म्हणायचे, कामं लई असतात बा, थोडा दम धरा. महिन्याभरात लिंबाजीतात्या गेले. साहेबांनी मला बोलावलं आणि नेहमीच्या आवाजात म्हणाले, ''तोच आपला शब्द घाला.'' आपला! मी घातला. ज्या माणसानं संध्याकाळी मला ओट्यावर बसून 'आली का माय दमून' म्हटलं होतं, त्याच्या नावापुढे मी तो टाइप केला. मग दुसऱ्या गावांचे रिपोर्ट आले, त्यांतही साहेबांनी तोच घालायला लावला. पुढे त्यांनी सांगायचीही गरज उरली नाही. कोऱ्या जागेपाशी आलं की माझी बोटं आपोआप चालायची. नांदेडच्या सरांना हवा असलेला वापर मला सापडला होता.

आणि मग एक दिवस बडे साहेब तपासणीला आले. तरुण होते, हळू बोलायचे. कुणावर ओरडले नाहीत. खुर्चीवर बसून त्यांनी फायली मागवल्या आणि एकेक कागद पेन्सिल हातात धरून वाचू लागले. मी माझ्या मशीनशी बसून पाहत होते. त्यांची पेन्सिल एका जागी थांबली. त्यांनी खाली रेघ मारली. पुढच्या कागदावर मारली. त्याच्या पुढच्यावरही. मग मान वर करून विचारलं, ''हू टाइप्स दीज?''

''आमच्या बाई, सर,'' साहेब म्हणाले.

मी उभी राहिले. त्यांनी कागद माझ्याकडे फिरवला. ''व्हॉट इज धिस वर्ड? आय सी इट एव्हरीव्हेअर. व्हॉट डज इट मीन?''

ज्याच्यासाठी मी तो शब्द वर पाठवला असं सांगत होते, तो प्रश्न अगदी जसाच्या तसा माझ्यासमोर आला होता. विचारणाऱ्याला खरंच जाणून घ्यायचं होतं, हे त्याच्या डोळ्यांत दिसत होतं. साहेबांनी मला नजरेनं दटावलं नाही. दटावलं असतं तर आज मला थोडा आधार झाला असता. ते खिडकीबाहेर बघत होते. त्यांच्याच टेबलावर, त्या फायलींच्या शेजारी, कायम करायच्या लोकांची यादी लातूरला नेण्यासाठी ठेवलेली होती. तिच्यातलं माझं नाव मी स्वतः टाइप केलं होतं.

''वीकनेस, सर,'' मी म्हटलं. ''जनरल वीकनेस. ड्यू टु ओल्ड एज.''

''आय सी,'' ते म्हणाले. मग त्यांनी खोडरबर मागितलं. मीच ते नेऊन दिलं. त्यांनी एकेक कागद घेऊन पेन्सिलीच्या रेघा व्यवस्थित पुसून टाकल्या.

संध्याकाळी घरी आले. बडे साहेब येऊन गेल्याची बातमी माझ्या आधी बस्तीत पोचली होती. बा दारातच उभे होते. ओट्यावर उरलेली चार म्हातारी माणसं बसली होती, धुतलेले कपडे घालून.

''आलते म्हणं,'' बा म्हणाले. ''कागद बघितले का त्यांनी?''

''बघितले.''

''त्या शब्दाचं विचारलं का?''

''न्हाई बा,'' मी म्हटलं. ''विचारलंच न्हाई.''

माझ्यावर अविश्वास दाखवायचं बांच्या मनातही आलं नाही. ''एवढा शिकलेला माणूस,'' ते म्हणाले, ''आन् एका शब्दाचा मतलब विचारायला त्याची जीभ झडत होती का?'' मग ते वळले आणि ओट्यावरच्या चौघांना सांगायला गेले.

बा पुढे खूप वर्षं जगले. म्हातारपणी माझ्याजवळच होते, लातूरला, माझ्या पगारातून बांधलेल्या घरात. संध्याकाळी अंगणात खुर्ची टाकून बसायचे आणि आत्याची आठवण आली की त्या बड्या साहेबाला आईबापावरून शिव्या द्यायचे. मी त्यांच्यासाठी चहा घेऊन जायचे आणि त्यांच्या शिव्या संपेपर्यंत शेजारी उभी राहायचे.